वर्षे भरली, तरी कायम का नाही? कंत्राटी आणि रोजंदारी कामगारांसाठी कायद्याची ओळख

वस्त्यांमध्ये काम करताना आम्हाला एक प्रश्न सतत विचारला जातो: "इतकी वर्षे सरकारी काम केले, मग आम्हाला कायम का करत नाहीत?" महापालिका, एसटी, सरकारी रुग्णालये येथील सफाईच्या कामात आपल्या समाजाची माणसे मोठ्या संख्येने आहेत. २४० दिवस भरले की माणूस कायम होतो, असा अनेकांचा समज आहे. सरकारी पदाच्या बाबतीत केवळ तेवढे पुरत नाही.

याचे कारण म्हणजे १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने सांगितले की, राज्यघटनेच्या कलम १४ आणि १६ नुसार सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी हवी. त्यामुळे मागच्या दाराने घेतलेल्यांना केवळ जुने आहेत म्हणून कायम करता येणार नाही. हे तत्त्व आपल्या विरोधातले नाही. भरती उघडपणे झाली तरच आरक्षण लागू होते. मात्र याच निकालाने 'बेकायदेशीर' आणि 'अनियमित' नेमणूक यांत फरक केला. मंजूर पदावर, पात्रता असताना, न्यायालयाच्या आदेशाचा आधार न घेता दहा वर्षे काम केलेल्यांना एकदाच नियमित करण्याची मुभा दिली. प्रशासन निकालाचा पहिला भाग आवर्जून सांगते, दुसरा विसरते.

महाराष्ट्रात कामगारांच्या हाती आणखी एक कायदा आहे. अनुचित कामगार प्रथा रोखण्यासाठी १९७१ साली झालेल्या कायद्यानुसार, कायमपणाचे लाभ नाकारण्याच्या हेतूने कामगाराला वर्षानुवर्षे तात्पुरते ठेवणे ही अनुचित प्रथा आहे. एसटीच्या बसगाड्या धुणाऱ्या सफाई कामगारांसाठी कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना याच कायद्याखाली लढली. २००९ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, उमादेवी निकालामुळे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार संपत नाहीत. पद अस्तित्वात असेल आणि अनुचित प्रथा सिद्ध झाली, तर कायम करण्याचा आदेश देता येतो.

पण या वाटेने जाण्यापूर्वी पाहावे: आपण नेमके कोणाचे कामगार? विभागाने थेट रोजंदारीवर घेतले असेल, तर औद्योगिक न्यायालयात तक्रार करता येते. ती साधारणपणे ९० दिवसांत करायची असते. मध्ये ठेकेदार असेल आणि विभाग "हे आमचे कामगारच नाहीत" म्हणत असेल, तर आधी तो वाद औद्योगिक न्यायाधिकरणापुढे सोडवावा लागतो. तिथे कंत्राट केवळ कागदोपत्री होते, हे सिद्ध करावे लागते. मुंबई महापालिकेच्या २,७०० कचरा कामगारांनी संघटनेमार्फत हीच वाट धरली. २०१४ मध्ये न्यायाधिकरणाने त्यांच्या बाजूने निवाडा दिला आणि ७ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो कायम ठेवला. चुकीच्या दारात गेल्यास मात्र अनेक वर्षे वाया जातात.

अलीकडे न्यायालयाचा सूरही बदलतो आहे. केंद्रीय जल आयोगात झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांना २०१८ मध्ये काढून टाकले होते. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना नियमित करण्याचा आदेश दिला. उमादेवी निकालाचा आधार घेऊन दीर्घकाळ काम केलेल्यांचा हक्क डावलता येणार नाही, असे बजावले.

या सगळ्या खटल्यांत निर्णायक ठरतो तो पुरावा. हजेरीची प्रत किंवा फोटो, ओळखपत्र, बँकेतील पगाराच्या नोंदी, पीएफचा तपशील, साहेबांनी दिलेला लेखी आदेश, हे सारे जपून ठेवा. काम कोण वाटून देतो, रजा कोण मंजूर करतो, याची तारखेसह नोंद ठेवा. आधार, बँक आणि हजेरीपटावर नाव एकसारखे आहे का, हे आजच तपासा. आणि एकट्याने अर्ज करत बसण्यापेक्षा संघटनेमार्फत जा. कामावरून काढल्यावर कागद शोधायला निघालो, तर ते बहुतेक वेळा कार्यालयाच्या कपाटात असतात आणि आपल्याला आत जाऊ दिले जात नाही.