कणी आणि बरका फणस : दोन ‘टाकाऊं’चे सांदण कसे होते?

किन्हवली : सांदण म्हटले, की ट्रेकर मंडळींना शहापूरच्या बाजूला उतरणारी सांधण दरी आठवते. कोकणातल्या स्वयंपाकघरात मात्र सांदण म्हणजे फणसाच्या रसातली, तांदळाच्या रव्याची वाफवलेली गोड वडी. शहापूर-मुरबाडच्या भातपट्ट्यासाठी तिच्यात कमाईचा एक धागाही आहे.

कणी का चालते?
२०२५-२६ साठी साधारण भाताचा हमीभाव क्विंटलला २३६९ रुपये आहे. सरकारी निकषानुसार १ क्विंटल भातापासून ६७ किलो तांदूळ अपेक्षित असतो. गिरणीत दाणा तुटला, की त्याची कणी होते आणि भाव पडतो. सांदणाला मात्र अख्खा दाणा नकोच, रवाच हवा. कणी धुऊन, वाळवून, भरड दळली की रवा तयार.

कणी जास्त का पडते?
कापलेले भात पावसात भिजून पुन्हा उन्हात तापले, की दाण्याला बारीक चिरा जातात. तो गिरणीत तुटतो.

बरकाच का?
काप्या फणसाचे गरे करकरीत असतात, त्यांचा रस निघत नाही. बरका रसाळ असतो. पण लवकर उतरतो, म्हणून बाजारात त्याला मागणी कमी. चाळणीवर घासलेला हाच रस, रवा, गूळ, नारळाचे दूध आणि चिमूटभर मीठ एकत्र करून रवा फुगेपर्यंत ठेवतात. मग वाटीत किंवा इडलीपात्रात १५ ते २० मिनिटे वाफवतात. वाफेत रव्यातला स्टार्च पाणी शोषून फुलतो आणि वडी धरते.

इतरत्र काय करतात?
गोव्यात सान्नांचे पीठ माडाच्या ताडीने आंबवतात. फिलिपाइन्समधला ‘पुतो’ही भिजवून वाटलेल्या, आंबवलेल्या तांदळाचा. त्याचाच जांभळा प्रकार, ‘पुतो बुंबोंग’, बांबूच्या नळीत वाफवतात. नाताळाआधी, १६ ते २४ डिसेंबरदरम्यान, पहाटेच्या प्रार्थनेनंतर तो चर्चबाहेर गरमागरम विकला जातो. तिथे गर्दी ठरलेली, म्हणून विक्रीही ठरलेली.

विकायचे असेल तर?
सांदण ओलसर असल्याने उन्हाळ्यात लवकर आंबते. त्यामुळे त्याच दिवशी विकावे. विक्रीसाठी अन्नसुरक्षा नोंदणी लागते. फणसाचा हंगाम पावसाने संपतो. रवा मात्र कोरडा ठेवला तर टिकतो. म्हणून भरडाईच्या वेळीच कणी वेगळी काढून ठेवलेली बरी.