स्वयम् उपग्रह

स्वयम् उपग्रह : पुणे येथील अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या (स्थापना १८५४) विद्यार्थ्यांनी तयार केलेला लघु कृत्रिम उपग्रह. २२ जून २०१६ रोजी श्रीहरिकोटा येथून पीएसएलव्ही-सी ३४ या अग्निबाणाने इतर १९ उपग्रहांबरोबर तो सुमारे ५०० किमी. उंचीवरील ध्रुवीय कक्षेत सोडण्यात आला. २००८ च्या सुमारास हाती घेतलेले हे काम विद्यार्थ्यांच्या एकामागून एक आलेल्या तुकड्यांनी पुरे केले. सुमारे १० सेंमी. बाजूचा घन असलेल्या या उपग्रहाचे वस्तुमान १ किग्रॅ.हून किंचित कमी होते. हौशी रेडिओ केंद्राचा संदेश साठवून तो दुसऱ्या ठिकाणी पोहोचविणे हे त्याचे एक कार्य. तथापि त्यातील खरा प्रयोग दिक्स्थितीच्या निष्क्रिय नियंत्रणाचा होता.

अग्निबाणापासून अलग होताना उपग्रहाला गिरकी मिळते. जवळजवळ निर्वात असलेल्या अवकाशात हवेचा रोध नगण्य असल्याने ही गिरकी लवकर थांबत नाही आणि आकाशक (अँटेना) सतत फिरत राहून संदेश तुटक होतात. मोठ्या उपग्रहांत विजेवर फिरणारी चक्रे किंवा वायूचे लहान झोत यांनी तो स्थिर करतात. तळहातावर मावेल एवढ्या उपग्रहाला मात्र सौरघटांपासून जेमतेम एक-दोन वॉट शक्ती मिळते. ती संदेशवहनासाठीच अपुरी पडते.

यावर योजलेला उपाय होकायंत्राइतका साधा आहे. उपग्रहात बसविलेला कायम चुंबक भूचुंबकीय क्षेत्ररेषांना समांतर होऊ पाहतो व त्याबरोबर सर्व उपग्रह वळतो. परंतु केवळ चुंबक पुरत नाही. होकायंत्राची सुई स्थिर होण्यापूर्वी झुलत राहते, तसाच उपग्रहही झुलत राहील. सुईला निदान टेकूचे घर्षण असते, येथे तेही नाही. म्हणून चुंबकाशी काटकोनात मृदू चुंबकीय धातूच्या बारीक कांड्या बसवितात. उपग्रह झुलताना त्यांचे चुंबकन उलटसुलट होते व चुंबकीय मंदायनामुळे गतिज ऊर्जेचे उष्णतेत रूपांतर होऊन आंदोलने हळूहळू शमतात. कांड्या फार मोठ्या असल्यास त्यांच्यातील प्रवर्तित चुंबकत्वामुळे उपग्रहाचा अक्ष क्षेत्ररेषेपासून ढळतो. फार लहान असल्यास गिरकी शमण्यास विलंब लागतो. उड्डाणानंतर दुरुस्ती अशक्य असल्याने हे प्रमाण जमिनीवरच गणिताने ठरवावे लागते.

या पद्धतीला मर्यादा आहेत. उपग्रहाची दिशा इच्छेनुसार बदलता येत नाही. क्षेत्ररेषा विषुववृत्ताजवळ जवळजवळ आडव्या व ध्रुवांजवळ उभ्या असल्याने एका प्रदक्षिणेत (सुमारे ९५ मिनिटे) चुंबकाचा अक्ष दोन पूर्ण फेऱ्या घेतो. एका ध्रुवावर पृथ्वीकडे असलेली बाजू दुसऱ्या ध्रुवावर आकाशाकडे होते. त्यामुळे एकाच ठिकाणावर रोखून धरावा लागणारा सूक्ष्मदर्शी कॅमेरा अशा उपग्रहावर निरुपयोगी ठरतो. अनेक दिशांना प्रारण पसरविणाऱ्या साध्या आकाशकाला मात्र एवढी स्थिरता पुरते, कारण भूकेंद्रावरून जाताना उपग्रह सुमारे दहा मिनिटेच क्षितिजावर असतो व तेवढ्या वेळात अक्षाचा कल संथपणे बदलतो.