बगदाद तिसऱ्या वेळी का पडलं?

आज बगदाद. साल १६३८, ऑटोमन तुर्क विरुद्ध इराणचे सफवी. जे शहर दोन सेनापतींना वेढा घालूनही मिळालं नाही, ते सुलतान चौथ्या मुरादनं चाळीसेक दिवसांत परत कसं घेतलं?

ते गेलं कसं, हे थोडक्यात. बकर सुबाशी नावाच्या अधिकाऱ्यानं बगदाद बळकावलं. ऑटोमन फौज अंगावर आली तेव्हा त्यानं इराणच्या शाह अब्बासला बोलावलं. मग तुर्कांनी त्यालाच सुभेदारी दिली, तर यानं शाहलाच दार बंद केलं! शाहनं वेढा घातला आणि जानेवारी १६२४ मध्ये शहर घेतलं. दरवाजा आतून उघडणारा बकरचाच मुलगा होता.

१६२५-२६ मध्ये हाफिज अहमद पाशा शहर सोडवायला आला. पण शाह अब्बास मागून आला आणि वेढा घालणारेच वेढ्यात सापडले. धान्य संपलं, जानिसारी म्हणजे सुलतानाचं खडं पायदळ बिथरलं, माघार. १६३० मध्ये हुस्रेव पाशाही हात हलवत परतला. म्हणजे बघा, तटबंदी भक्कम होतीच, पण खरी लढाई पोटाची होती. इस्तंबूलहून बगदाद दोन हजार किलोमीटरच्या वर.

मुराद मे महिन्यात निघाला आणि नोव्हेंबरच्या मध्याला, बगदादचा उन्हाळा टाळून, पोचला. वाटेवर धान्याची सोय आधीच लावलेली, जड सामानासाठी नद्या वापरलेल्या. (तेव्हा तो २६ वर्षांचा. मी त्या वयात रात्री दोनला सर्व्हर रीस्टार्ट करत होतो.)

समोरची बाजूही बदलली होती. शाह अब्बास १६२९ मध्ये वारला, गादीवर नातू शाह सफी. त्यात १६३८ मध्येच अली मर्दान खानानं कंदाहार सरळ आपल्या शाहजहानच्या हवाली केलं. दोन टोकांना दोन आगी. १६२६ सारखी मदत बगदादला मिळालीच नाही.

शेवटच्या हल्ल्यात खुद्द वजीर तय्यार मेहमेद पाशा मारला गेला. २५ डिसेंबरच्या सुमारास किल्लेदार बक्ताश खान शरण आला. पण शरणागती ठरल्यावर शहरात पुन्हा चकमक पेटली आणि हजारो इराणी सैनिक कापले गेले. विजयाच्या गोष्टीत हे एका ओळीत उरकतात. मला ते पटत नाही, कारण त्या लोकांच्या दृष्टीनं युद्ध संपलेलं होतं.

मे १६३९ मध्ये झुहाबचा तह झाला: बगदाद तुर्कांना, येरेवान इराणला. आजची इराण-इराक सीमा बरीचशी त्याच वाटणीतून आलीये.

आणि हो, तलिस्मान दरवाजा. मुराद त्यातून बाहेर पडला आणि तो विटांनी बुजवून टाकला, असं सांगतात. १९१७ मध्ये ब्रिटिशांची फौज आली, त्यात हिंदी शिपाई भरपूर. तेव्हा माघार घेणाऱ्या ऑटोमन सैन्यानंच तो दरवाजा सुरुंग लावून उडवला.