दुर्मीळ शब्दाला भाव जास्त!

मोबाइलवर चार शब्द टाकले की हवा तो लेख नेमका वर कसा येतो? या किमयेचं मोठं श्रेय जातं केंब्रिजच्या कॅरेन स्पार्क जोन्स यांना. गंमत म्हणजे त्यांची पदवी संगणकाची नव्हतीच! त्या शिकल्या इतिहास, मग वर्षभर तत्त्वज्ञान, आणि काही काळ शाळेत शिक्षिकाही होत्या.

आई नॉर्वेची, वडील इंग्रज, आणि आडनावात दोघांचीही नावं. 1958मध्ये संगणकतज्ज्ञ रॉजर नीडहॅम यांच्याशी लग्न झालं, तरी बाईंनी नाव बदललं नाही.

त्यांचा गाजलेला निबंध 1972चा, जेमतेम अकरा पानांचा. म्हणणं साधं: जो शब्द जिथे-तिथे सापडतो, त्याचा शोधात फारसा उपयोग नाही, क्वचित सापडणाऱ्याला वजन जास्त. समजा, एका संग्रहात हजार पाककृती आहेत. ‘मीठ’ आहे आठशेंमध्ये, ‘खसखस’ फक्त दहांमध्ये. ‘मीठ खसखस’ असं शोधलं, तर आज रूढ असलेल्या लॉगरिदमच्या सूत्राने खसखशीचं वजन मिठाच्या सुमारे वीसपट भरतं! आणि हजारच्या हजार पाककृतींत येणाऱ्या शब्दाचं? चक्क शून्य. खसखस म्हणजे काय, हे यंत्राला कळावंच लागत नाही. नुसती मोजदाद पुरते. म्हणून तर हीच युक्ती मराठीतही बिनबोभाट चालते.

आपल्याकडच्या पीएच.डी. प्रबंधांचं डिजिटल ग्रंथालय ‘शोधगंगा’ हे ‘डीस्पेस’ या मुक्त प्रणालीवर उभं आहे. तिच्या शोधयंत्रातही याच कल्पनेचा वारसा आहे.

खटकतं ते एवढंच, की कॅरेन यांना मान फार उशिरा मिळाला. 1964चा त्यांचा प्रबंध पुस्तकरूपात आला थेट 1986मध्ये. कितीतरी वर्षं त्या एका अनुदानावरून दुसऱ्या अनुदानावर काम करत राहिल्या. प्राध्यापकपद मिळालं 1999मध्ये, म्हणजे गूगल कंपनी सुरू झाली त्याच्या पुढच्या वर्षी! संगणनासारखा महत्त्वाचा विषय एकट्या पुरुषांवर सोडून चालणार नाही, असं त्या ठणकावून सांगत. 2007मध्ये त्या गेल्या. त्याच वर्षी त्यांना ब्रिटिश कॉम्प्युटर सोसायटीचं लव्हलेस पदक मिळालं. ते मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला.

आता ‘शोधगंगा’वर जाल, तेव्हा ‘मराठी साहित्य’ असं मोघम काही टाकू नका. गावाचं, कवीचं, एखाद्या लोककलेचं नाव टाका आणि बघा, काय काय हाती लागतं ते!