स्वमग्न माणसे आपले वेगळेपण का लपवितात?

आमच्या परिचयातील एका कुटुंबात आठवीत शिकणारी एक मुलगी आहे. शाळेत तिच्याबद्दल एकही तक्रार नाही. बाई म्हणतात, "पोरगी गुणाची आहे, कोणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही." हीच मुलगी सायंकाळी घरी आली, की दप्तर टाकते, ओढणी डोक्यावरून ओढून घेते आणि धान्याच्या कोठीमागील अंधाऱ्या कोपऱ्यात तासभर बसून राहते. त्या वेळी कोणी हाक मारली, तर किंचाळते. आजी म्हणाली, लाडाने बिघडली. शेजारीण म्हणाली, बाहेरचे काहीतरी लागले असेल. आईला मात्र एकच प्रश्न पडला होता. शाळेतली मुलगी खरी, की घरातली?

पुढे डॉक्टरांनी तपासून ती स्वमग्न असल्याचे सांगितले, तेव्हा उलगडा झाला. ती मुलगी शाळेत सात तास एक काम करीत होती. ते काम म्हणजे इतरांसारखे दिसण्याचे. घरी येईपर्यंत तिच्या अंगात त्राण उरत नव्हते. या लपविण्याविषयी समाजबांधवांना व विशेषतः विद्यार्थ्यांना चार गोष्टी सांगाव्यात, म्हणून हा लेखप्रपंच.

स्वमग्नता म्हणजे काय?

डॉक्टर जिला ऑटिझम म्हणतात, ती स्वमग्नता म्हणजे रोग नव्हे, बाधा नव्हे आणि आईबापांच्या संगोपनातील चूकही नव्हे. ती मेंदूची जन्मापासूनची निराळी घडण होय. १९४३ साली अमेरिकेत डॉ. लिओ कॅनर यांनी अशा ११ मुलांचे वर्णन प्रसिद्ध केले. पुढच्याच वर्षी व्हिएन्ना येथे डॉ. हान्स अ‍ॅस्पर्गर यांनी, बोलता येणाऱ्या पण लोकांत मिसळण्यास अवघड जाणाऱ्या मुलांविषयी लिहिले. त्यांचे काम जगापुढे आणले ते इंग्लंडमधील डॉ. लोर्ना विंग यांनी, १९८१ साली.

स्वमग्न माणसाला बोलण्यामागचे न बोललेले कळण्यास जड जाते. "या कधीतरी घरी" हे आमंत्रण खरे की नुसते बोलण्यापुरते, हे त्याला उमगत नाही. आवाज, उजेड, वास व स्पर्श काहींना फार तीव्रतेने जाणवतात. कुकरची शिट्टी आपल्याला ऐकू येते, त्यांना ती टोचते. ठरलेला क्रम मोडला, तर जीव घाबरा होतो. हात हलविणे, डुलणे, एकच शब्द पुन्हापुन्हा म्हणणे, याने त्यांचे मन शांत होते. एखाद्या आवडत्या विषयात मात्र ही माणसे अशी रमतात, की त्यांच्या माहितीपुढे भल्याभल्यांनी हात टेकावेत.

येथे एक गोष्ट स्पष्ट करणे अगत्याचे आहे. सर्वच स्वमग्न माणसांना वेगळेपण लपविता येत नाही. अनेकांना बोलता येत नाही, अनेकांना जन्मभर दुसऱ्याचा आधार लागतो. लपविणे ज्यांना काही प्रमाणात जमते, त्यांच्याविषयी हा लेख आहे.

लपवितात म्हणजे काय करतात?

२०१७ साली इंग्लंडमधील लॉरा हल व त्यांच्या सहकाऱ्यांनी ९२ स्वमग्न प्रौढांना याविषयी विचारले. त्यांच्या उत्तरांतून तीन प्रकार पुढे आले. पहिला प्रकार झाकण्याचा. हात हलवावेसे वाटले, तर ते खिशात कोंबायचे, आवाजाने कान फुटत असले तरी चेहरा हसरा ठेवायचा. दुसरा प्रकार भरपाईचा. जे आपोआप जमत नाही, ते पाठ करून जमवायचे. समोरच्याच्या डोळ्यांत पाहवत नाही म्हणून त्याच्या भुवयांच्या मध्ये पाहायचे, मामेबहीण जशी हसते तसे हसायचे, पाहुणे आले की कोणती चार वाक्ये बोलायची हे आधीच घोकून ठेवायचे. तिसरा प्रकार मिसळण्याचा. घोळक्यात राहण्याची इच्छा नसतानाही, आपण त्यांतलेच आहोत असे वागत राहायचे.

कोणी म्हणेल, यात विशेष ते काय? साहेबापुढे आपणही जपूनच बोलतो. हे खरे आहे. परंतु आपण तो अंगरखा तासाभरापुरता चढवितो आणि बाहेर पडताच काढतो. स्वमग्न माणसाला तो दिवसभर, आणि मित्रांमध्येसुद्धा, घालून बसावे लागते. आपण परक्या गावी परकी भाषा बोलावी, प्रत्येक वाक्य मनात जुळवून मग उच्चारावे, तसे त्याचे रोजचे बोलणे असते.

का लपवितात?

पहिले कारण भीती. "वेडा", "येडपट", "अर्धवट" हे शब्द आपल्या गावांत किती सहज फेकले जातात, हे सांगावयास नको. हात हलविणाऱ्या मुलाची वर्गात नक्कल होते, कधी मारही बसतो. दोनदा असे झाले, की मूल तिसऱ्यांदा हात दाबून धरते. त्याला हे कोणी शिकविलेले नसते. चटके बसले, की हात आपोआप मागे येतो.

दुसरे कारण माणसांची ओढ. स्वमग्न मुलांना मित्र नको असतात, हा गैरसमज आहे. अनेकांना ते हवे असतात, पण आपण जसे आहोत तसे कोणी जवळ करणार नाही, हे त्यांच्या मनाने घेतलेले असते.

तिसरे कारण पोटापाण्याचे. मुलाखतीत डोळ्याला डोळा भिडवून बोलला नाही, तर उमेदवार खोटारडा किंवा घमेंडी ठरतो. मुलगी पाहावयास आलेल्या मंडळींसमोर हीच गत होते.

चौथे कारण घरातलेच, म्हणजे आपले. "काकांकडे बघ, नमस्कार कर, असे डुलू नकोस, लोक काय म्हणतील?" हे आपण प्रेमापोटीच म्हणतो. मूल त्यातून एवढेच शिकते, की मी आहे तसा घरातही चालत नाही.

यात बाधेच्या समजुतीची भर पडते. आपल्याच जिल्ह्यात सैलानी येथे मनाचा त्रास असलेल्या माणसांना घेऊन दूरदूरची कुटुंबे येत असतात. त्यांच्या श्रद्धेची थट्टा करण्याचा आमचा हेतू नाही. त्यांचे दुःख खरे असते. परंतु जे अंगात शिरलेलेच नाही, ते कोणी काढू शकत नाही. आपल्याला झपाटलेले समजतील, या भीतीने मूल अधिकच गप्प होते. भूत उतरविण्याच्या नावाखाली मारहाण करणे हा २०१३ च्या महाराष्ट्रातील जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, हेही ध्यानात असू द्यावे.

लपविणे आपल्याला नवे नाही

वाचकहो, लपवून जगणे म्हणजे काय, हे आपल्या समाजाला दुसऱ्या कोणी समजावून सांगण्याची गरज नाही. १९१७ साली परदेशातील उच्च शिक्षण घेऊन डॉ. बाबासाहेब आंबेडकर बडोद्याच्या नोकरीसाठी गेले, तेव्हा त्यांना राहण्यास जागा मिळेना. अखेर पारशी नाव धारण करून ते एका पारशी सराईत राहिले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेले लोक दारात उभे ठाकले आणि त्यांना ती जागा सोडावी लागली. ही हकिकत त्यांनी स्वतःच लिहून ठेवली आहे. बाबुराव बागुल यांच्या १९६३ सालच्या कथासंग्रहाचे नावच 'जेव्हा मी जात चोरली होती' असे आहे. शहरात भाड्याची खोली पाहताना आडनाव सांगावे की नाही, म्हणून जीभ अडखळल्याच्या आठवणी आपल्या कितीतरी घरांत आहेत.

दोन्ही गोष्टी एकच आहेत, असे आमचे म्हणणे नाही. जात माणसांनी रचली, ती मोडता येते व मोडलीच पाहिजे. स्वमग्नता ही निसर्गाची घडण आहे. ती मोडावयाची नसून समजून घ्यावयाची आहे. साम्य आहे ते लपविण्याच्या कारणात. दोष लपविणाऱ्यात नसतो, तो ज्यांच्यापासून लपवावे लागते त्यांच्या नजरेत असतो. ज्या समाजाने हा चटका सोसला, त्याच्या अंगणात एखादे लेकरू दुसऱ्या कारणाने तसेच दबून जगत असेल, तर ते आपल्याला आधी दिसावयास हवे.

याची किंमत

लपविण्याने कधी मार चुकतो, कधी नोकरी मिळते. पण त्याची किंमत मोठी असते. सततच्या सोंगाने थकवा, चिंता व औदासीन्य येते. काही जणांची जमलेली कामेही हातून सुटू लागतात. अनेक स्वमग्न प्रौढ सांगतात, की इतकी वर्षे दुसऱ्यासारखे वागल्यावर आपण स्वतः कोण, हेच कळेनासे झाले. जे अधिक लपवितात, त्यांच्यात जीव नकोसा होण्याचे विचारही अधिक आढळतात, असे २०१८ साली इंग्लंडमध्ये झालेल्या एका अभ्यासात दिसून आले. म्हणून "शाळेत तर चांगली असते, घरीच नाटके करते" असे म्हणणे धोक्याचे आहे. मूल जेथे सुरक्षित असते, तेथेच कोसळते.

दुसरी किंमत म्हणजे ओळखच पटत नाही. पूर्वी चार मुलांमागे एक मुलगी स्वमग्न, असे मानीत. आता हे प्रमाण तिनास एक याच्या जवळ असावे असे दिसते, आणि अनेक मुली तपासणीतून निसटतात हे त्याचे एक कारण आहे. मुलगी गप्प बसली, मान खाली घालून राहिली, तर आपल्याकडे तिला वळणदार म्हणतात. तिच्या मदतीची वेळ त्या कौतुकातच निघून जाते. अमेरिकेतील मनोविकारतज्ज्ञांच्या निदानग्रंथात २०१३ सालापासून स्पष्ट म्हटले आहे, की शिकून घेतलेल्या युक्त्यांमुळे मोठेपणी ही लक्षणे झाकली जाऊ शकतात.

समजून घेणे दोन्ही बाजूंचे

स्वमग्न माणसांना दुसऱ्याचे मन कळत नाही, असे सांगितले जाते. स्वतः स्वमग्न असलेले इंग्लंडमधील अभ्यासक डेमियन मिल्टन यांनी २०१२ साली उलट प्रश्न विचारला. इतरांना तरी स्वमग्न माणसाचे मन कोठे कळते? २०२० साली एडिंबरा येथील संशोधकांनी कानगोष्टींच्या खेळासारखा एक प्रयोग प्रसिद्ध केला. आठ आठ जणांच्या साखळीतून एक गोष्ट पुढे पुढे सांगितली गेली. सगळे स्वमग्न असलेल्या साखळीतून गोष्ट तितकीच नीट पोहोचली, जितकी इतरांच्या साखळीतून. गळती जास्त झाली ती मिश्र साखळीत. म्हणजे अडचण एकट्या स्वमग्न माणसात नाही, दोघांच्या मधल्या जागेत आहे. पूल बांधण्याचे काम मात्र आजवर आपण एकाच बाजूवर टाकले.

आपण काय करू शकतो?

प्रथम कायद्याची माहिती घ्यावी. १९९५ च्या अपंग कायद्यात स्वमग्नतेचा समावेश नव्हता. १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याने तिची दखल घेतली आणि २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यातील २१ प्रकारांत ती आली. प्रमाणपत्रासाठी ४० मुद्द्यांची भारतीय मोजपट्टी वापरतात. राष्ट्रीय न्यासाच्या निरामय योजनेत एक लाख रुपयांपर्यंतचा आरोग्य विमा मिळतो. लहान मुलांच्या तपासणीसाठी २०१३ पासून राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम सुरू आहे. अंगणवाडी व शाळेत येणाऱ्या त्याच्या पथकाकडे शंका जरूर मांडावी. प्रमाणपत्र हाती आल्यावर परीक्षेतील सवलतींविषयी मुख्याध्यापकांकडे चौकशी करावी.

तपासणीस जाताना एक गोष्ट विसरू नये. डॉक्टरांच्या खोलीतही मूल आपले सोंग सोडत नाही. वीस मिनिटे ते नीट बसेल आणि सर्व काही ठीक वाटेल. म्हणून घरी सायंकाळी काय होते, किती वेळ होते, कशाने होते, हे आईवडिलांनी पंधरा दिवस वहीत लिहून ती वही बरोबर न्यावी.

घरी शाळेतून आलेल्या मुलाला अर्धा-पाऊण तास कोणी काही विचारू नये. हात हलविणे, डुलणे याने कोणाला इजा होत नसेल, तर होऊ द्यावे. लग्नाला जावयाचे असेल, तर तेथे काय होईल आणि किती वाजता परत निघू, हे आदल्या दिवशी सांगावे. विहारातील कार्यक्रमात, जयंतीच्या मिरवणुकीत डीजेच्या आवाजापासून दूर एक शांत खोली ठेवण्यास संस्थेला काही खर्च येत नाही. कानांवर हात ठेवणाऱ्या मुलाचे हात ओढून काढू नयेत.

मात्र "आजपासून लपवू नकोस" असा हुकूमही करू नये. बाहेर टिंगल तशीच असेल, तर मुखवटा ही त्याची ढाल आहे. ढाल टाकावयास सांगण्यापूर्वी दगड थांबविले पाहिजेत.

विद्यार्थी मित्रांनो, हे दगड थांबविणे तुमच्या हाती अधिक आहे. तुमच्या वर्गात कोणी मधल्या सुट्टीत एकटा भिंतीला टेकून उभा राहत असेल, कोणी विनोदावर सर्वांच्या मागून हसत असेल, कोणी एकाच विषयावर बोलत सुटत असेल, तर त्याची नक्कल करू नका. त्याच्या शेजारी बसा. बोललाच पाहिजे असा आग्रह धरू नका.

आरंभी सांगितलेली मुलगी आता नववीत गेली आहे. कोठीमागच्या कोपऱ्यात आईने गोधडी अंथरली आहे आणि त्या तासात तिला कोणी हाक मारीत नाही. वर्गातील एका मैत्रिणीला तिने आपण होऊन सर्व सांगितले. ती मैत्रीण म्हणाली, "मग माझ्यासोबत असताना हसायची गरज नाही." त्या दिवसापासून कोपऱ्यात बसण्याचा वेळ तासावरून अर्ध्या तासावर आला, असे तिची आई सांगते.