साऱ्याची पावती : काही रुपयांमागचे मोठे कर्तव्य

सातबाऱ्यावर शेताच्या क्षेत्रासोबत ‘आकारणी’चा एक छोटा रकाना असतो. बुलढाणा जिल्ह्यातल्या अनेक उताऱ्यांवर तिथला आकडा काही रुपये आणि पैसे एवढाच दिसतो. हा आकडा मात्र शेतातली माती उकरून ठरलेला आहे.

1853 मध्ये निजामाने बुलढाण्यासह वऱ्हाड प्रांत इंग्रजांच्या ताब्यात दिला. पुढे 1861 च्या सुमारास येथे मुंबई इलाख्याच्या धर्तीची मोजणी सुरू झाली. गोल्डस्मिड आणि विंगेट या इंग्रज अधिकाऱ्यांनी ती पद्धत 1835 मध्ये इंदापूर तालुक्यापासून आखली होती. प्रत्येक शेताला नंबर मिळाला, हद्दीवर दगड बसले आणि सारा, म्हणजे जमिनीवरचा महसूल, त्या शेतावर साधारण 30 वर्षांसाठी ठरला. माती किती खोल आहे, हे मोजून तिची प्रत लावली जाई. चुनखडी, वाळू, उतार किंवा चिबडपणा आढळला की पूर्ण प्रतीच्या सोळा आण्यांतून काही आणे कमी होत. घाटाखाली मलकापूर, नांदुरा, शेगावकडे पूर्णेच्या खोऱ्यातली खोल काळी जमीन. घाटावर उतारांची पातळ, मुरमाड जमीन. एकाच जिल्ह्यात आकारात फरक का, याचे उत्तर पायाखालीच आहे.

हा सारा वसूल करण्याची जबाबदारी महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 ने तलाठ्यावर टाकली आहे. महसुली वर्ष 1 ऑगस्टला सुरू होते आणि 31 जुलैला संपते. खातेदाराच्या सगळ्या जमिनी गाव नमुना 8-अ मध्ये एकत्र दिसतात. मागणी, वसुली आणि बाकी 8-ब मध्ये मांडली जाते. पैसे घेतले की नमुना 9 ची पावती फाडायची आणि जमा रक्कम नमुना 10 च्या चलनाने सरकारी खजिन्यात भरायची. साऱ्याबरोबर जिल्हा परिषदेचा आणि ग्रामपंचायतीचा उपकरही त्याच पावतीवर येतो.

भरणा स्वीकारताच लेखी पावती देणे तलाठ्यावर बंधनकारक आहे. सारा थकला तर थकबाकीच्या एक चतुर्थांशापर्यंत दंड होऊ शकतो आणि प्रकरण जप्तीपर्यंत जाऊ शकते. म्हणून सारा भरायला आलेल्या माणसाला हात हलवत परत पाठवणे म्हणजे त्याला थकबाकीदार होण्याच्या वाटेवर ढकलणे आहे. भावाभावांत वाद असला, वारसांची फेरफार नोंद रखडली असली, तरी पैसे घेतल्याने तलाठी कुणाला मालक ठरवत नाही. सारा भरल्याची पावती मालकीचा दाखला ठरत नाही. शासनाचे देणे फिटले, एवढेच ती सांगते. मालकीचा निवाडा दिवाणी न्यायालयाचा. हा फरक ओळखला की भरणा नाकारायला कारण उरत नाही.

वऱ्हाडातली जुनी माणसे तलाठ्याला अजूनही ‘पटवारी’ म्हणतात. 2024 मध्ये शासनाने तलाठ्याला ‘ग्राम महसूल अधिकारी’ हे पदनाम दिले. ई-चावडीमुळे आता सारा घरबसल्याही भरता येतो. नाव बदलले, वही संगणकात गेली, कर्तव्य तेच राहिले. तलाठ्याच्या सजेच्या कार्यालयात सारा भरताना खाते क्रमांक, वर्ष आणि रक्कम नीट वाचावी आणि पावती हातात पडल्यावरच उठावे. ती मागताना संकोच नको. कायद्याने ती खातेदाराची आहे.