ऊन पाण्याची बाधा

बदामीची बनशंकरी ही महाराष्ट्रातील अनेक घराण्यांची कुलस्वामिनी. तिच्याच नावाचे एक मंदिर १९१५ साली बेंगळूरच्या दक्षिणेस उभे राहिले आणि भोवतालच्या विस्तीर्ण वसतीलाही पुढे तेच नाव पडले. ह्या वसतीतील घरांतून, किंबहुना दक्षिण कर्नाटकात सर्वत्रच, आठवड्या-पंधरवड्याने डोक्यावरून न्हाण्याची चाल आहे. माथ्याला तेल चोळावयाचे आणि मग हंड्यातील कढत पाणी तांब्यामागून तांब्या मस्तकावर ओतावयाचे. महाराष्ट्रातील अभ्यंगस्नानाचेच हे भावंड. परंतु ह्या सुखद स्नानातच काहींना एक चमत्कारिक व्याधी गाठते.

चार-सहा तांबे डोक्यावर पडतात न पडतात तोच मुलगा शून्यात पाहू लागतो, असंबद्ध बोलतो, हाकेला ओ देत नाही. क्वचित हातपाय ताठून झटकेही येतात. काही वेळाने तो शुद्धीवर येतो. एरवी त्याची प्रकृती उत्तम असते. बहुधा बालपणी जडणाऱ्या आणि मुलींपेक्षा मुलांत अधिक आढळणाऱ्या ह्या विकाराला वैद्यक उष्णजल-अपस्मार म्हणते.

हा दोष केवळ पाण्याचा नव्हे. उष्णता, स्पर्श आणि धारेचा वेग ह्यांच्या संवेदना मस्तकाच्या त्वचेतून एकाच वेळी मेंदूकडे धाव घेतात. बहुतेकांचा मेंदू हा लोंढा सहज पचवितो. काहींच्या मेंदूचा बांध मात्र फुटतो आणि तेथील विद्युत्-व्यापार क्षणभर बेताल होतो. लुकलुकत्या प्रकाशानेही असेच घडू शकते. १९९७ च्या डिसेंबरात जपानमध्ये दूरदर्शनवरील एका व्यंगचित्रपटातील लाल-निळ्या झगमगाटाने शेकडो मुलांना रुग्णालयात न्यावे लागले होते.

ऊन पाण्याने येणाऱ्या झटक्यांची पहिली नोंद १९४५ साली न्यूझीलंडमध्ये झाली. पण तिचा सखोल अभ्यास झाला तो बेंगळुरातच. डॉ. के. एस. मणी ह्यांनी १९६८ साली तिच्याकडे लक्ष वेधले. बनशंकरीहून फारशा दूर नसलेल्या ‘निम्हान्स’ संस्थेतील डॉ. पी. सतीशचंद्र व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८८ साली २७९ रुग्णांचा वृत्तान्त प्रसिद्ध केला. काही कुटुंबांत ही प्रवृत्ती आनुवंशिक असते, हे २००९ साली गुणसूत्रांच्या अभ्यासाने दाखविले. काही रुग्णांना त्या अवस्थेत विलक्षण सुख वाटते आणि ते पाणी ओतीतच राहतात, ही ह्या विकारातील आणखी एक नवलाची गोष्ट.

उपाय मात्र घरचाच आहे. पाणी कोमट असावे, मस्तकावर एकसारखी धार धरू नये, न्हाणीघराला आतून कडी लावू नये. तेवढ्याने न भागल्यास डॉक्टर स्नानापूर्वी घेण्याचे औषध देतात. काहींना ते नित्य घ्यावे लागते. झटका आल्यास रुग्णाला कुशीवर वळवावे. नाकाशी कांदा वा जोडा धरू नये, तोंडात काही घालू नये.

अज्ञानाची किंमत फार मोठी असते. झटक्याला अंगात येणे समजून अंगारे-धुपारे करण्यात वर्षे जातात, आणि मुलीचा आजार लपविताना तिचे औषधही लपते. अपस्माराच्या कारणावरून हिंदू विवाह मोडता येण्याची तरतूद कायद्यातून १९९९ साली वगळण्यात आली. घराघरांतील समजूतही आता तितकीच बदलावयास हवी. देवीचा कोप शांत करण्याआधी हंड्यातले पाणी निववून पाहावे, त्यात देवीचा काहीच अवमान नाही.